शालिवाहनाच्या बाजारातल्या मिरच्या

१

"बाई, मिरच्या गेल्या!"

सकाळी चहाचा पहिला घोट घेते न घेते तोच फोन वाजला आणि हौसेराव जगताप कानात ओरडले. हौसेराव म्हणजे वाशीच्या मसाला मार्केटातले सुक्या मिरचीचे मोठे व्यापारी आणि आमच्या सांस्कृतिक मंडळाचे अध्यक्ष. मला वाटलं, गाळा फुटला, चोरी झाली. म्हटलं, "अहो, मग पोलिसांना फोन करा. मी चित्रकलेची रिटायर्ड बाई, मी काय तुमच्या गोण्या शोधू?"

"त्या मिरच्या न्हाईत वो! चित्रातल्या! शालिवाहनाच्या बाजारातल्या! समद्या गेल्या, आन् तिथं लसूण लटकतोय!"

मी चहा तसाच टाकून निघाले.

'शालिवाहनकालीन बाजार' हे चित्र आमच्या मंडळाच्या हॉलची शान होतं. पाच फूट रुंद तैलचित्र, १८९१ सालचं, म्हणजे तेव्हा नुकतीच शंभरी ओलांडलेलं. काढणारे भिकाजी सोनटक्के, साताऱ्याचे. मुंबईला जाऊन चित्रकला शिकलेले. दोन हजार वर्षांपूर्वीच्या पैठणचा बाजार त्यांनी रंगवला होता. भाजीवाली, फुलवाली, वाण्याचं दुकान, आणि वाण्याच्या दारावर लालभडक मिरच्यांची ही एवढी माळ. भिकाजी म्हणजे माझी जिवाभावाची मैत्रीण गीतांजली हिचे सख्खे आजोबा. तिच्या नेरूळच्या फ्लॅटमध्ये एवढी मोठी भिंत नव्हती, म्हणून दोन वर्षांपूर्वी तिने चित्र मंडळाला दिलं. गीताने आणि मी एकाच शाळेत उभी हयात चित्रकला शिकवली. एलिमेंटरी, इंटरमिजिएटच्या परीक्षांना पोरांना जोडीने बसवलं. माझे यजमान गेले तेव्हा ती माझ्याकडे राहायला आली आणि मला दोन घास बळेबळे भरवायची. सख्खी बहीण काय करील?

येत्या रविवारी मुंबईहून कलाक्षेत्रातली मोठी माणसं चित्र बघायला येणार होती. महाराष्ट्रातल्या जुन्या चित्रकारांचं प्रदर्शन भरायचं होतं आणि त्यात भिकाजींचं चित्र घ्यायचं घाटत होतं. म्हणून दिवाळीनंतर ते तुर्भ्याच्या हिरामण पाटलाकडे साफ करायला दिलं. त्याने धूळ-काजळी काढली, नवं वॉर्निश दिलं, नवी फ्रेम घातली आणि मागच्या आठवड्यात हॉलमध्ये लावून वर पडदा टाकला. पडदा रविवारीच उघडायचा होता. पण हौसेरावांना कुठला दम निघतोय! बुधवारी सकाळी त्यांनी पडद्याखाली डोकावलं.

हॉलमध्ये पोचले तेव्हा गीता खुर्चीत बसून रडत होती. मला बघताच तिने माझा हात घट्ट धरला. "राजी, माझ्या आजोबांच्या चित्राचं काय केलं गं हे कुणी? तूच शोध. मला दुसऱ्या कुणावर भरवसा नाही."

"शोधायचंय काय त्यात?" हौसेराव गरजले. "हिरामण्याच्या ताब्यात होतं चित्र. त्यानंच खराब केलं आन् वरनं कायबाय रंगवून झाकलं. शनिवारी मीटिंग लावतो. तोवर कबूल झाला तर बरं, न्हाईतर सरळ पोलीस."

मी पडदा पूर्ण बाजूला केला, आणि बघते तर नुसत्या मिरच्याच गेल्या नव्हत्या.

२

मिरच्यांच्या जागी लसणाच्या माळा होत्या. फुलवालीच्या टोपलीत झेंडू होते, तिथे कमळं आली होती. भाजीवालीसमोर पेरूंचा ढीग होता, त्याची बेलफळं झाली होती. शेजारची जांभळी वांगी जाऊन तिथे हिरवी दोडकी पडली होती. बाकी सगळं जिथल्या तिथे. भाजीवालीची नऊवारी, वाण्याचं पोट, कोपऱ्यातली सीताफळांची पाटी, बैलगाडी, कुत्रा.

हात मात्र कसलेला होता. उजेड कुठून येतो, सावली कुठे पडते, सगळं सांभाळलं होतं. चित्र पाठ नसलेल्या माणसाला काही कळलंच नसतं.

मी रुमालाचं टोक ओलं केलं आणि लसणाच्या एका कुडीवर अलगद फिरवलं. रुमाल पांढरा झाला आणि बोटाला किंचित फेस लागला. खाली लाल दिसलं.

"पोस्टर कलर," मी म्हटलं. "साबण मिसळून लावलाय, म्हणजे वॉर्निशवर धरतो. पाण्याने निघेल. खालचं चित्र शाबूत आहे, गीता. रडू नकोस."

गीताने डोळे पुसले. हौसेरावांचा आवाज जरा खाली आला, पण हेका सुटला नाही. "निघू दे की. पण केलं कुणी? आज पाण्यानं निघतंय, उद्या ब्लेड मारंल. अशा मानसाला मोकळं सोडायचं व्हय?"

इथे एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर तुम्हाला वाटेल, मिरच्यांना कोण कशाला हात लावेल? तर त्या मिरच्या चूकच होत्या. मिरची आपल्याकडे आणली पोर्तुगीजांनी. शालिवाहनाच्या बाजारात मिरची असूच शकत नाही. झेंडू आणि पेरूचंही तेच, समुद्रापलीकडून आलेले. भिकाजींनी पैठणचा प्राचीन बाजार म्हणून आपला साताऱ्याचाच बाजार रंगवला होता, बिचाऱ्यांनी. त्या काळात सगळेच असं करत. तिकडे युरोपातले चित्रकारही ग्रीक-रोमन बायकांना खुशाल आपल्या शेजारणींसारखे केस बांधून द्यायचे. मला या चुका फार आवडतात. शालिवाहन कुणी पाहिलाय? पण १८९१ चा साताऱ्याचा बाजार या चित्रात जिवंत आहे, आणि तो चुकांमुळेच आहे. यावर मी गणपतीत मंडळात भाषणही दिलं होतं. लोक पोट धरधरून हसले होते.

म्हणजे ज्याने कुणी हे केलं, त्याने चित्र खराब केलं नव्हतं, सुधारलं होतं. चुका दुरुस्त केल्या होत्या. हिरामणला याचं काय पडलं होतं?

तरीही मी आधी हिरामणकडेच गेले. हॉलच्या किल्ल्या चौघांकडे होत्या: हौसेराव, सेक्रेटरी नंदकिशोर, गीता, आणि फ्रेम लावण्यापुरती हिरामण. या चौघांत जो परका वाटतो, त्याच्याकडेच पाय आधी वळतात. आज सांगताना मला त्याची लाज वाटते.

हिरामण तुर्भे गावातला आगरी, पंचेचाळिशीचा. दुकानांच्या पाट्या, देवळांची शिखरं, लग्नाच्या भिंती रंगवणारा. त्याच्या दारात एका साडी सेंटरचा अर्धा रंगवलेला बोर्ड उभा होता.

"हिरामण, खरं सांग. साफ करताना काही पुसलं गेलं का? घाबरून वरून रंगवलंस का?"

त्याने ब्रश खाली ठेवला. "बाई, मी पडदा टाकला तवा मिरच्या होत्या. आईशपथ. पन मी एकलाच होतो, बघनारा कोनी नव्हता. आता तुमी म्हनाल ते खरं."

"मी काही म्हणत नाहीये रे."

"म्हनालात की आता." तो माझ्याकडे न बघता बोलत होता. "बाई, पोलीस एकदा दारात आले ना, मंग गावात मला पानपट्टीचा बोर्डपन कोन देनार नाय. देवलाचं काम तर इसराच. माझ्याकरं दुसरं काय हाय? हा हातच हाय."

निघताना सहज विचारलं, "माझ्या भाषणाला होतास ना रे तू?"

"होतो तर. मागं उभा होतो, बायकोला घेऊन. तुमी सीताफलाचं सांगितलं तवा ती जाम हसली. घरी येऊनशी म्हनते, आता परसादाला सीताफल ठेवायचं का नाय?" एवढं बोलताना तो पहिल्यांदा हसला, आणि लगेच त्याचा चेहरा पडला.

रिक्षात बसले, आणि रिक्षा हायवेला लागली तेव्हा माझ्या डोक्यात पहिली टोचणी लागली. सीताफळ.

३

सेक्रेटरी नंदकिशोर देशमाने सीबीडीला एका सरकारी ऑफिसात मोठे अधिकारी. इतिहासाचा नाद भारी आणि त्याहून भारी स्वतःच्या बोलण्याचा. त्यांनी मंडळाच्या स्मरणिकेत छापून टाकलं होतं की भिकाजींचं चित्र म्हणजे 'शालिवाहनकाळाचे अचूक दर्शन'. माझ्या भाषणात त्या 'अचूक'चा पार भुगा झाला. तेव्हापासून ते मला लिफ्टमध्ये भेटले तरी वर इंडिकेटरकडे बघतात. त्यामुळे खरं सांगते, माझा सगळा संशय त्यांच्यावर होता. मुंबईची माणसं येणार, चित्रात मिरच्या बघणार, स्मरणिका वाचणार, म्हणजे यांची शोभा! मग कुणा पेंटरला धरून चुका झाकून घेणं काही अवघड नव्हतं.

मी ऑफिसात जाऊन समोर बसले आणि आडवळण न घेता विचारलं.

ते आधी लाल झाले. मग चष्मा काढून पुसला. "घोरपडे बाई, तुम्ही मला मूर्ख समजता ते ठीक आहे. पण इतका?"

"म्हणजे?"

"तुमच्या भाषणाला मी होतोच ना? पहिल्या रांगेत बसून सगळा अपमान गिळला. तुम्ही सर्वात जास्त कशावर बोललात? सीताफळावर. नाव सीतेचं आणि फळ अमेरिकेतलं, म्हणून अख्खा हॉल डोक्यावर घेतलात. मी चुका पुसायला बसलो असतो, तर मिरचीच्या आधी सीताफळं पुसली असती. चित्रात ती अजून तशीच आहेत. बघितलंत ना?"

बघितली होती. बघूनही माझ्या डोक्यात प्रकाश पडला नव्हता.

"आणि दुसरं," ते चष्मा चढवत म्हणाले, "तुम्हीच सांगितलंत की वांगी आपली, अस्सल इथली, हजारो वर्षांची. भिकाजींचं तेवढं एक बरोबर होतं असं म्हणालात. टाळ्या घेतल्यात. मग जे बरोबर होतं ते मी कशाला पुसेन?"

मी पर्स उचलून उठले आणि पुन्हा खुर्चीत बसले.

"बाई, पाणी मागवू का?" नंदकिशोर खरंच काळजीने विचारत होते.

"नको," मी म्हटलं. "मला घरी जायचंय."

४

आयुष्यभर परीक्षेचे पेपर तपासलेल्या माणसाला एक गोष्ट पक्की ठाऊक असते. दोन पोरांची बरोबर उत्तरं सारखी आली तर त्यात काही नाही, बरोबर उत्तर एकच असतं. पण दोघांची चूक जर हुबेहूब सारखी असेल, तर एकाने दुसऱ्याचं बघून लिहिलंय. कॉपी बरोबर उत्तराने पकडता येत नाही, चुकीने पकडता येते. मी अशी कितीतरी पोरं पकडलीत.

चित्र सुधारणाऱ्याने काय काय पुसलं? मिरच्या, झेंडू, पेरू आणि वांगी. काय ठेवलं? सीताफळं. भाषण ऐकलेला कुणीही असं करणार नाही. हिरामण नाही, नंदकिशोर नाही. हौसेराव तर मिरचीवर जगणारा माणूस, चित्रासमोर उभा राहून "आमच्या धंद्याचा फोटू" म्हणून पाहुण्यांना दाखवणारा. तो मिरच्या पुसेल?

पण मिरच्या, झेंडू, पेरू, वांगी, हे चार शब्द याच क्रमाने मी एकदा बोलले होते. भाषणाच्या आधी, श्रावणात. गीताच्या स्वयंपाकघरात.

ती ओट्याशी भरल्या वांग्यांना चिरा देत होती आणि मी खाली बसून शेंगदाण्यांची सालं पाखडत होते. मी नुकतंच थोडंफार वाचलं होतं आणि मला कुणाला तरी सांगायची घाई झाली होती. "गीता, तुझ्या आजोबांनी काय काय चुका केल्यात माहितीय? मिरच्या, झेंडू, पेरू, आणि ही तुझी वांगी! बटाट्यासारखी हीसुद्धा बाहेरूनच आली." वांग्यांचं मी ठोकून दिलं होतं. तेव्हा सीताफळाचं मलाच ठाऊक नव्हतं. आठवड्याभरात वाशीच्या लायब्ररीत बसून नीट वाचलं आणि जीभ चावली. वांगी आपलीच निघाली आणि सीताफळ परकं. गणपतीतल्या भाषणात मी ते सुधारून सांगितलं. पण गीता त्या भाषणाला नव्हती. लेकीच्या बाळंतपणासाठी कराडला गेली होती.

माझी ती चूक जगात फक्त एका माणसाने ऐकली होती.

मला आधी राग नाही आला, हसू आलं. वेडपटासारखं हसू. मग रडू आलं, आणि मग राग आला तो इतका की हातातली बशी मी सिंकमध्ये आपटली. माझ्या हाताला धरून "तूच शोध" म्हणणारी ही बाई! पण मनात एक चिवट आशा होती. म्हटलं, तिला संधी देऊ. ती सांगेल. मला नाही तर कुणाला सांगेल?

संध्याकाळी नेरूळला गेले. तिने नेहमीसारखं आलं घालून चहा केला. मी म्हटलं, "गीता, मला नाही वाटत हिरामणने केलं असेल. बिचारा हबकलाय. पोलिसांचं नाव निघालं की त्याचं काम बंद. तुला काय वाटतं?"

मी तिच्या तोंडाकडे बघत होते. ती कपाकडे.

"हौसेराव म्हणतात तेच बरोबर असेल," ती म्हणाली. "ही माणसं काम बिघडवतात आणि मग झाकतात. दोन दिवस पोलिसांनी बसवून ठेवलं तर काय होतंय? सोडतीलच की."

"आणि त्याचं नाव?"

"त्याला ओळखतं कोण, राजी?"

मी कप तसाच ठेवला आणि उठले.

५

शनिवारी हॉल भरला. मुंबईची माणसं दुसऱ्या दिवशी यायची होती, त्यामुळे सगळ्यांना निकाल हवा होता. चित्रावरचा पडदा काढलेला होता. हिरामण दाराशी उभा होता, धुतलेला शर्ट घालून. त्याला कुणी खुर्ची दिली नव्हती.

हौसेराव म्हणाले, "बाई, तुमी दोन दिवस फिरलात. काय ते सांगा, न्हाईतर मी चौकीला फोन लावतो."

मी उठले. आवाज शाळेतलाच निघाला. "मला गीतांजलीला एक विचारायचंय. चित्र तिच्या आजोबांचं आहे, तिचं मत महत्त्वाचं. गीता, कुणी का केलं असेना, चुका तर दुरुस्त झाल्या. आता या चित्रात एखादी चूक उरली आहे का?"

गीताने चित्राकडे बघितलं. सावकाश, डावीकडून उजवीकडे. "नाही," ती म्हणाली. "आता काही उरली नाही. निदान आता कुणी हसणार नाही."

हॉलमध्ये चुळबुळ झाली. मागून कुणीतरी फिस्सकन हसलं. हौसेरावांना राहवलं नाही. "अवो ताई, सीताफळं?"

"सीताफळांचं काय?" गीता गोंधळली. "सीताफळ तर रामायणापासून..." बोलता बोलता ती थांबली, कारण सगळा हॉल तिच्याकडे बघत होता. त्या हॉलमध्ये सीताफळाची गोष्ट ठाऊक नसलेली ती एकटी होती.

"आणि वांगी का काढावी लागली असतील?" मी विचारलं. विचारताना मला स्वतःचीच किळस येत होती, पण हिरामण दाराशी उभा होता.

"वांगी बाहेरचीच ना? तूच तर म्हणालीस..."

"बाई असं कवा म्हणाल्या?" हौसेराव उठूनच उभे राहिले. "बाई म्हणाल्या, वांगं आपलं! पोरंबाळं साक्षीला हायेत. माझी मिरची परकी ठरवली न् वांग्याला आपलं म्हणाल्या, मला अजून राग हाय त्याचा!"

नंदकिशोर हळूच म्हणाले, "अरे देवा." त्यांना कळलं होतं.

मग मी सगळं सांगितलं. श्रावणातली माझी थाप, गणपतीतली दुरुस्ती, आणि मधली ती एकच ऐकणारी. हौसेरावांनी नुसतं विचारलं, "ताई, बाई म्हणत्यात ते खरं का खोटं?" गीता पदर सावरत म्हणाली, "खरं. रंग मी लावले. हिरामणचा काही संबंध नाही."

हौसेराव हिरामणपाशी गेले आणि त्यांनी दोन्ही हात जोडले. म्हणाले, चुकलो, आता हे रंग तूच काढ, उद्या पाहुण्यांना मी स्वतः तुझं नाव सांगतो. हिरामणने मान हलवली. "नको शेट. चित्राला मी आता हात लावनार नाय." मग त्याने माझ्याकडे बघितलं. "बाई, उपकार झाले. पन तुमी पयल्या माझ्याकरं आलात." एवढं बोलून तो गेला.

लोक पांगले. हौसेराव निघताना एवढंच म्हणाले की सकाळपर्यंत चित्र होतं तसं पाहिजे. मग हॉलमध्ये आम्ही दोघीच राहिलो. गीताने वाटीत पाणी घेतलं, कापसाचा बोळा भिजवला आणि लसूण पुसायला सुरुवात केली.

"का गं?" मी विचारलं.

"तुला ते सांगितलं नव्हतं," ती पाठमोरीच म्हणाली. "हे चित्र मुंबईच्या प्रदर्शनात लागलं होतं, तेव्हा एक इंग्रज साहेब समोर उभा राहून मोठमोठ्याने हसला होता. काठीने मिरच्या दाखवत होता लोकांना. आजोबा तिथेच उभे होते. त्यानंतर त्यांनी पुन्हा चित्र काढलं नाही. जन्मभर शाळेत ड्रॉइंग मास्तर. मी लहान असताना त्यांच्या मांडीवर बसायचे, तर म्हणायचे, तू काढ, मला नाही येत. बाबांकडून मला सगळं कळलं, मी मोठी झाल्यावर."

"अगं, मग मला सांगायचंस!"

"तू त्याचीही गोष्ट केली असतीस. कराडहून आले तर हौसेराव कौतुकाने सांगत होते, बाईंनी तुमच्या आजोबांवरनं काय हसवलं म्हणून! उद्या ती मुंबईची माणसं आली असती आणि तू पुन्हा तेच बोलली असतीस. मला ते ऐकवलं नसतं."

"मी त्यांच्यावरच्या प्रेमाने बोलले होते, गीता."

"साहेबसुद्धा म्हणाला असेल, मी प्रेमाने हसलो."

पण हिरामणचा पडलेला चेहरा डोळ्यांसमोरून जाईना. "ते सगळं मान्य. पण त्या माणसाला पोलिसांत देणार होतीस? आणि वर मलाच शोधायला लावलंस?"

"तुलाच लावलं," ती म्हणाली. बोळा पेरूंवर फिरत होता आणि बेलफळांचा रंग तिच्या मनगटावरून ओघळत होता. "तुला माझा संशय कधीच येणार नाही, याची मला खात्री होती. दुसऱ्या कुणी शोधलं असतं तर चार दिवसांत माझ्यापर्यंत आलं असतं."

इतक्या वर्षांची आमची मैत्री तिने अशी वापरली होती, आणि ते किती सरळ सांगत होती! मला ओरडावंसं वाटलं.

ती दोडक्यांपाशी आली. दोनदा पुसल्यावर खालून जांभळी वांगी वर आली, देठांसकट, एकेकावर उजेडाचा ठिपका असलेली. चित्रातली सगळ्यात सुंदर जागा ती. गीता बघत राहिली.

"म्हणजे त्यांचं जे बरोबर होतं, तेच मी पुसलं होतं," ती म्हणाली. मग वळून तिने पहिल्यांदा माझ्या डोळ्यांत बघितलं. "वांगी आपली आहेत हे तुला कधी कळलं?"

"तेव्हाच. आठवड्याभरात."

"अख्ख्या हॉलला सांगितलंस. मला का नाही सांगितलंस?"

मी आठवून बघितलं. त्या आठवड्यात आम्ही रोज फोनवर बोललो होतो. ती कराडला गेल्यावरही मी पत्रं पाठवली होती, बाळाचं नाव सुचवलं होतं. वांग्यांचं सांगायचं मला सुचलंच नव्हतं. तिच्या आजोबांची चूक तिला सांगायला मी धावत गेले होते, आणि माझी चूक सांगायला नाही.

"राहून गेलं," मी म्हटलं.

तिने मान हलवली, जणू हेच ऐकायचं होतं. मी पर्स खाली ठेवली, वाटीतून दुसरा बोळा भिजवून पिळला आणि तिच्यासमोर धरला. कमळं अजून बाकी होती. दोघींनी मिळून केलं असतं तर लवकर आटपलं असतं.

"तू जा," गीता म्हणाली. "माझ्या आजोबांचं मी बघते."